विहिरीतला काळा गोटा: पांझरेच्या खोऱ्यातील एक प्रकरण

मार्च महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात धुळे जिल्ह्यातील पांझरा नदीच्या खोऱ्यातील एका गावाहून माझ्या एका जुन्या विद्यार्थ्याचा फोन आला. त्याच्या काकांच्या नव्या विहिरीच्या खोदकामात निघालेला एक गोल, काळा आणि जड दगड घरी आणून ठेवला आहे, तो आकाशातून पडलेला असावा असे सगळ्यांचे मत पडले आहे, आणि परगावच्या एका माणसाने तो मोठ्या रकमेला विकत घेण्याची तयारी दाखवली आहे, तेव्हा तुम्ही एकदा येऊन पाहून जा, असे त्याचे म्हणणे होते. मी भूशास्त्राची पदवी घेऊन पुढे आयुष्यभर भूगोल शिकवला, त्यामुळे अशा दगडांसाठी यापूर्वीही मला चार-पाच वेळा बोलावणे आले होते. याच प्रकरणाची नोंद सविस्तर ठेवावीशी वाटली, कारण दगडाचा प्रश्न सोडवता सोडवता पाण्याचा प्रश्न पुढे आला, आणि तो दगडापेक्षा कितीतरी मोठा निघाला.

कुटुंबाची परिस्थिती आधी सांगितली पाहिजे. काकांना गावात सगळे नाना म्हणतात. त्यांची सहा एकर जमीन उत्तरेकडे, म्हणजे नदीच्या बाजूला, हळूहळू उतरत जाते. जमिनीतून पूर्व-पश्चिम अशी एक काळ्या दगडांची रांग जाते. काही ठिकाणी ती कमरेइतकी उंच आहे, काही ठिकाणी मातीत बुडाली आहे, पण तिची दिशा कोठेही सुटत नाही. गावात तिला ‘भिंत’ म्हणतात. भिंतीच्या वरच्या अंगाला चुलत भाऊ आबा यांची जुनी विहीर आहे आणि तिला एप्रिलपर्यंत पाणी असते. नानांनी दोन वर्षांपूर्वी भिंतीच्या खालच्या अंगाला, तिच्यापासून वीस-पंचवीस फुटांवर, नवी विहीर घेतली. यारी लावून, सुरुंग उडवून 45 फूट खोल गेले, त्यात घरचे होते नव्हते ते आणि सोसायटीचे कर्ज असे दोन्ही गेले, आणि पहिल्या वर्षी जानेवारीतच तळ दिसू लागला. त्याच खोदकामात वरच्या बारा-तेरा फुटांत सात गोल दगड निघाले होते आणि त्यांतला सर्वांत मोठा, सर्वांत गोटीव असा दगड नानांच्या ओट्यावर, तुळशीशेजारी, हळदकुंकू लावून ठेवलेला होता.

“हाऊ धोंडा आभायमाईन पडेल शे, सर,” नाना म्हणाले. त्यांच्या बोलण्यात हाव नव्हती. विहिरीने बुडवले, निदान विहिरीतल्या दगडाने तरी हात द्यावा, एवढीच आशा होती. खरेदी करणाऱ्या माणसाने ‘तपासणी शुल्क’ म्हणून पंचवीस हजार मागितले होते आणि त्यांतले पाच हजार नानांनी पाठवूनही दिले होते. पुढची रक्कम पाठवू नका, हा माझा पहिला सल्ला होता, आणि तो दगडाला हात लावण्यापूर्वीच मी दिला.

दगडाची तपासणी

पुतण्याने मोबाइलवर पुष्कळ वाचले होते आणि त्याचे मुद्दे टाकाऊ नव्हते. दगड काळा आहे, गोल आहे, त्याच्यावर भाजल्यासारखी तपकिरी साल आहे, लोहचुंबक त्याला चिकटते, आणि लोणारचे विवर आपल्याच राज्यात आहे, असे पाच मुद्दे त्याने मांडले. मी ते क्रमाने घेतले.

आधी वजन घेतले. खेड्यात कापूस मोजायला वापरतात तो लटकता काटा घरात होताच. दगडाला तारेने बांधून हवेत तोलला तर 11.6 किलो भरला, आणि तसाच पाण्याने भरलेल्या ड्रममध्ये पूर्ण बुडवून तोलला तर 7.7 किलो भरला. वजनातली घट 3.9 किलो, म्हणजे दगडाची घनता पाण्याच्या सुमारे 2.97 पट. लोखंडी अशनीची (अशनी म्हणजे आकाशातून पडलेला दगड) घनता पाण्याच्या पावणेआठ पटीच्या आसपास असते, तेव्हा ती शक्यता तेथेच संपली. दगडी अशनी मात्र सव्वातीन ते पावणेचार पटींच्या दरम्यान येतात, आणि ती घनता या आकड्यापासून फार दूर नाही. एवढ्यावर निकाल देणे घाईचे झाले असते.

चुंबकाचा पुरावा लोकांना फार पटतो आणि नेमका तोच सर्वांत कच्चा आहे. आपल्या भागातल्या बहुतेक काळ्या दगडांत मॅग्नेटाइट हे लोहखनिज बारीक कणांच्या रूपाने असते, त्यामुळे दख्खनच्या कातळाचा कोणताही ताजा तुकडा चांगल्या चुंबकाला थोडासा ओढ देतो. सालीचेही तसेच आहे. वातावरणातून जळत आलेल्या दगडाची साल एखाद-दुसऱ्या मिलिमीटरची, काळी आणि आतल्या दगडाला घट्ट धरून असलेली असते. नानांच्या दगडाची साल बोटभर जाड होती आणि नखाने उचकटली तर कांद्याच्या पापुद्र्यासारखी सुटत होती. जमिनीत गाडलेल्या दगडाच्या भेगांतून पाणी मुरत राहते, कोपरे तिन्ही बाजूंनी कुजतात, कडा दोन बाजूंनी कुजतात, सपाट पृष्ठ एकाच बाजूने कुजते, आणि अशा असमान झिजेतून चौकोनी तुकड्याचा शेवटी गोटा उरतो. दगडाचा गोलपणा आणि त्याची तपकिरी साल या दोन्ही गोष्टी पाण्याने घडवल्या होत्या.

पूजेतला दगड फोडायचा नाही हे मी आपण होऊनच सांगितले. उरलेल्या सहांपैकी एक नानांनी स्वतः घणाने फोडला. आतल्या ताज्या पृष्ठावर भिंगाखाली पांढरट सुयांसारखे फेल्डस्पार या खनिजाचे स्फटिक आणि त्यांच्यामध्ये काळपट हिरवे पायरॉक्सीन हे खनिज एकमेकांत गुंतलेले दिसत होते. दगडी अशनींच्या बहुसंख्य प्रकारांत दिसणारे धातूचे चमकते ठिपके नव्हते, मोहरीएवढे गोल दाणे नव्हते. मग आम्ही सगळे शेतात गेलो, भिंतीच्या उघड्या भागाचा एक तुकडा काढला आणि दोन्ही तुकडे शेजारी शेजारी नानांच्या तळहातावर ठेवले. त्यांनी बराच वेळ पाहिले. दोन्हींत काडीचा फरक नव्हता.

आकाशातून खरोखर काय पडले

पुतण्याचा लोणारचा मुद्दा शिल्लक होता, आणि तो नीट सोडवावा असे मला वाटले, कारण दगडाचा उगम कळायचा तर आघात, म्हणजे आकाशातून येऊन आदळणे, आणि टक्कर, म्हणजे दोन भूखंडांचे एकमेकांना भिडणे, यांतला फरक कळणे आवश्यक आहे. लोणार येथून सरळ रेषेत सुमारे 200 किलोमीटर दूर आहे. विवराचा व्यास 1.8 किलोमीटरच्या आसपास आहे, आणि आघाताने उडालेल्या दगडमातीचा सलग थर विवराच्या काठापासून साधारण दीड किलोमीटरच्या आतच सापडतो. हे विवर ज्वालामुखीचे नसून आघाताचे आहे याचा भक्कम पुरावा 1973 साली पुढे आला. प्रचंड दाबाखाली फेल्डस्पारची काच होते, तिला मास्केलिनाइट म्हणतात, आणि ती लोणारच्या खडकात सापडली. ज्वालामुखीत तेवढा दाब कधीच निर्माण होत नाही. विवराच्या वयाबद्दल मात्र एका पद्धतीने 52,000 वर्षे आणि दुसऱ्या पद्धतीने 5,70,000 वर्षे असे दोन फार वेगळे आकडे मिळाले आहेत, आणि विद्यार्थ्यांना मी दोन्ही सांगत आलो आहे.

खान्देशात आकाशातून काहीच पडले नाही असे मात्र नाही, आणि हे सांगताना मला नेहमी आनंद होतो. 1843 साली तेव्हाच्या एदलाबाद, म्हणजे आजच्या मुक्ताईनगर परिसरात एक अशनी पडला. जगभरच्या नोंदींत तो माणेगाव या नावाने आहे आणि त्याचा जपून ठेवलेला भाग जेमतेम 42 ग्रॅमचा आहे. तो डायोजेनाइट या दुर्मिळ जातीचा आहे. मंगळ आणि गुरू यांच्या कक्षांमध्ये फिरणाऱ्या वेस्टा या मोठ्या लघुग्रहावर कधीकाळी जबर आघात झाले, तेथील खोलवरचे खडक अवकाशात उधळले गेले, आणि त्यांतले काही पृथ्वीवर पोहोचले, असे या जातीबद्दल मानले जाते. 2011 आणि 2012 मध्ये डॉन यानाने वेस्टाभोवती फिरून घेतलेल्या मोजमापांनी या अनुमानाला मोठे बळ दिले. दुसऱ्या एका जगावर झालेल्या आघाताचा तुकडा पूर्णेकाठी येऊन पडावा, ही गोष्ट नानांनी दोनदा विचारून घेतली. 1877 साली धुळ्याजवळ आणखी एक अशनी पडला. भागूर या नावाने नोंदलेला तो दगड अशनींच्या सर्वांत सामान्य जातींपैकी एकीचा आहे. खान्देशाच्या नावावरचे हे दोन्ही तुकडे मुठीत मावतील एवढे आहेत, आणि दोन्ही पडल्यानंतर लगेच उचलले गेले म्हणूनच ओळखले गेले.

पुतण्याने आणखी एक गोष्ट पाहिली होती, ती म्हणजे मुंबईच्या समुद्रात लघुग्रह आदळला आणि त्यामुळे दख्खनचा लाव्हा बाहेर आला. ही कल्पना शंकर चटर्जी या अमेरिकेतील भारतीय वंशाच्या शास्त्रज्ञांनी मांडली आणि त्या कल्पित विवराला ‘शिव’ असे नाव दिले, पण बहुतेक भूशास्त्रज्ञांनी ती स्वीकारलेली नाही. ज्या आघाताबद्दल शंका उरलेली नाही तो मेक्सिकोतील चिक्षुलुबचा. सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वी दहा किलोमीटरच्या आसपास व्यासाचा लघुग्रह तेथे आदळला आणि 180 किलोमीटर रुंदीचे विवर तयार झाले. 1980 साली लुइस आणि वॉल्टर अल्वारेझ व त्यांच्या सहकाऱ्यांनी त्या काळच्या मातीच्या थरात इरिडियम या धातूचे असामान्य प्रमाण दाखवून आघाताची कल्पना मांडली होती, आणि विवराची ओळख त्यानंतर दहा-अकरा वर्षांनी पक्की झाली. दख्खनचा लाव्हा त्या आघाताच्या आधीपासून वाहत होता. आघाताच्या हादऱ्याने त्याचा जोर वाढला का, हा प्रश्न 2015 साली पुन्हा जोरात पुढे आला, आणि 2019 मध्ये लाव्ह्याच्या थरांचे वय मोजणारे दोन गट एकाच नियतकालिकाच्या एकाच अंकात वेगवेगळ्या निष्कर्षांवर आले. माझे स्वतःचे मत असे की, आघात आणि लाव्हा यांची काळाची जवळीक विलक्षण असली तरी खान्देशच्या भूमीचा आकार समजून घ्यायला त्या आघाताची गरज पडत नाही. आपल्या भूमीवरचा हात दुसऱ्याच टकरींचा आहे.

सांध्यावर वसलेला प्रदेश

खान्देश हा एका जुन्या सांध्यावर वसलेला प्रदेश आहे. उत्तरेचा बुंदेलखंडाचा प्राचीन भूखंड आणि दक्षिणेचा बस्तरचा प्राचीन भूखंड एकमेकांवर येऊन भिडले आणि मध्ये एक चिरडलेला, दुमडलेला पट्टा तयार झाला. ही भिडंत नेमकी केव्हा पूर्ण झाली यावर भूशास्त्रज्ञांत वाद आहे. साधारण 180 कोटी ते 100 कोटी वर्षांपूर्वीच्या दीर्घ काळात ती टप्प्याटप्प्याने घडली असे मानतात. पूर्वेकडे छिंदवाडा आणि बालाघाटकडे गेले की त्या पट्ट्यातले दुमडलेले खडक उघडे दिसतात. आपल्याकडे ते लाव्ह्याच्या थरांखाली झाकलेले आहेत, पण सातपुड्याची धार, तापीचा खळगा आणि नर्मदेचा खळगा या तिन्हींनी जी पूर्व-पश्चिम दिशा धरली आहे, ती त्या झाकलेल्या सांध्याचीच आहे.

तुटलेले हाड जुळले तरी ती जागा हवामान बदलले की दुखते, असे आमच्याकडची म्हातारी माणसे म्हणतात. जमिनीच्या सांध्याचेही तसेच झाले. गोंडवन खंड ताणला जाऊ लागला तेव्हा या पट्ट्यात खळगे पडले आणि त्यांत साठलेल्या वनस्पतींचा पुढे पेंच-कन्हान खोऱ्यांतला कोळसा झाला. त्यानंतर भारताचा भूखंड उत्तरेकडे सरकत असताना, आज रियुनियन बेटाखाली असलेल्या उष्ण स्रोतावरून गेला, असे सर्वसाधारणपणे मानले जाते, आणि सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वीच्या काळात दख्खनचा लाव्हा बाहेर आला. आज उरलेले त्याचे क्षेत्रच सुमारे 5 लाख चौरस किलोमीटर आहे आणि सह्याद्रीत त्याची जाडी दोन किलोमीटरहून अधिक भरते.

नानांची भिंत त्याच काळातली. जमीन उत्तर-दक्षिण ताणली जात होती, म्हणून तिला पूर्व-पश्चिम उभ्या भेगा पडल्या. तप्त शिलारस त्या भेगांत शिरला आणि तेथेच थिजला. भूशास्त्रात अशा उभ्या शिरेला डाइक म्हणतात. नंदुरबार आणि धुळे जिल्ह्यांत त्यांचा एवढा दाट समूह आहे की, 2007 साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात 210 डाइक मोजले गेले. त्यांची रुंदी 3 मीटरपासून 62 मीटरपर्यंत आहे. साक्री, धुळे आणि पारोळा यांच्या बाजूने जाणारा एक डाइक 79 किलोमीटर लांब असल्याचे त्या अभ्यासात दिले आहे. एस.टी.ने साक्रीहून धुळ्याला जाताना रस्त्याच्या बाजूने सरळ जाणाऱ्या काळ्या टेकड्यांच्या रांगा मी लहानपणापासून पाहत आलो, पण त्या एकाच कुळाच्या आहेत हे मला पदवीच्या दुसऱ्या वर्षी कळले, आणि त्या दिवशीचा आनंद अजून ताजा आहे.

भिंतीच्या उघड्या भागात नानांना मी एक खूण दाखवली. लाव्ह्याचा आडवा थर वरून आणि खालून थंड होतो, म्हणून त्यात पडणाऱ्या भेगांनी उभे खांब तयार होतात. डाइक मात्र दोन्ही बाजूंच्या थंड खडकांकडून थंड होतो, म्हणून त्याचे खांब आडवे पडतात आणि बाजूने पाहिले तर लाकडे रचून ठेवल्यासारखी दिसतात. “ह्या काय सरण रचेल शे का,” असे लहानपणी आम्ही म्हणायचो, असे नाना हसून बोलले. कडेला शिलारस लवकर थिजल्यामुळे दगडाचा कण बारीक असतो आणि तेथे भेगाही जास्त असतात. त्या भेगांतून पाणी मुरून दगड कुजतो आणि आत गोटे उरतात. नानांची विहीर भिंतीच्या नेमक्या त्याच कुजलेल्या कडेला लागलेली होती, म्हणून गोटे तेथे निघाले.

या सांध्यावर त्यानंतर आणखी एक टक्कर येऊन बसली, आणि ती अजून संपलेली नाही. लाव्हा वाहून गेल्यानंतरच्या काळात भारताचा भूखंड वर्षाला पंधरा सेंटिमीटरहून अधिक वेगाने उत्तरेकडे जात होता. सुमारे 5 कोटी वर्षांपूर्वी तो आशियाला भिडला आणि हा वेग पाच सेंटिमीटरच्या आसपास उतरला. हिमालय उभा राहिला, आणि त्या ठेलाठेलीचा दाब सगळ्या द्वीपकल्पातून मागे येऊ लागला. ताणाने पडलेल्या जुन्या भेगा आता दाबल्या जात आहेत. 14 मार्च 1938 रोजी सातपुड्यात सव्वासहाच्या आसपास तीव्रतेचा भूकंप झाला, त्याचे केंद्र सुमारे 40 किलोमीटर खोल होते. 22 मे 1997 रोजी याच पट्ट्याच्या पूर्वेला जबलपूरला 5.8 तीव्रतेचा भूकंप झाला, तोही खोलवरचाच. सातपुड्याच्या पायथ्याशी असलेल्या भ्रंशाच्या, म्हणजे जमीन तुटून सरकलेल्या भेगेच्या, दक्षिणेला तापीचा खळगा खचत गेला आणि त्यात गाळ साठत गेला. यावल-रावेरकडे त्याची जाडी काही ठिकाणी 300 मीटरहून अधिक आहे. केळीचा सारा पट्टा त्याच गाळावर उभा आहे. चोपडा तालुक्यातील उनपदेवचे गरम पाणीही याच भेगांच्या पट्ट्यातून वर येते.

आपली काळी जमीन, आपली केळी, नानांची कोरडी विहीर आणि हिमालय या चार गोष्टींना एकत्र बांधणारा धागा हा आहे, आणि त्यात लघुग्रहाचा वाटा शोधूनही सापडत नाही.

पाण्याचा प्रश्न

खरे काम येथून पुढे सुरू झाले. दोर आणि वजन घेऊन मी दोन्ही विहिरी मोजल्या. आबांच्या विहिरीत पाणी जमिनीपासून 24 फुटांवर होते. तेथील जमीन नानांच्या विहिरीजवळच्या जमिनीपेक्षा सुमारे 6 फुटांनी उंच आहे, म्हणजे नानांच्या काठावरून मोजले तर ते पाणी 18 फुटांवर आले. नानांची विहीर 45 फूट खोल असूनही तळाला केवळ ओल होती. दोन विहिरींमध्ये अंतर 130 फूट, आणि तेवढ्या अंतरात पाण्याच्या पातळीत किमान 27 फुटांचा फरक. एवढा फरक उताराने पडत नाही. मध्ये काहीतरी अडवणारे हवे, आणि ते 38 फूट रुंदीच्या भिंतीच्या रूपाने समोर उभे होते. डाइकचा गाभा एकसंध असल्यामुळे वरून झिरपत येणारे पाणी त्याच्या मागे अडते. आबांची विहीर त्या अडलेल्या पाण्यात होती आणि नानांची विहीर त्याच्या सावलीत.

नानांनी ज्याच्याकडून खोदकाम करून घेतले होते त्याने यावर उपाय सुचवून ठेवला होता. विहिरीच्या तळातून दक्षिणेकडे शंभर फुटांचे आडवे बोअर घ्यायचे, म्हणजे पाणी लागेल. तांत्रिकदृष्ट्या त्याचे म्हणणे चुकीचे नव्हते. बोअर भिंत ओलांडून पलीकडे गेले असते तर नानांच्या विहिरीला पहिल्याच वर्षी भरपूर पाणी आले असते. पण ते पाणी आबांचे, आणि आबांच्या वर असलेल्या आणखी दोन शेतकऱ्यांचे असते. भिंतीच्या तळाशी एकदा भोक पडले की पावसाळ्यानंतर वरचा साठा दिवसरात्र खाली गळत राहतो, पंप बंद असला तरी. दोन-चार वर्षांत वरच्या विहिरी हिवाळ्यातच उतरल्या असत्या आणि गळलेले पाणी पुढे नदीकडे निघून गेले असते. जमिनीखालचे असे छिद्र पुन्हा बुजवणे जवळजवळ अशक्य असते. मी नानांना हे स्पष्ट सांगितले आणि बोअर घेऊ नका असे आग्रहाने सांगितले. हा सल्ला देताना मला अवघड गेले, कारण ज्याच्या ओट्यावर बसून मी चहा पीत होतो त्यालाच मी पाणी नाकारत होतो. पण वरच्या तीन कुटुंबांचे पाणी त्या भिंतीने शतकानुशतके राखले होते, आणि माझ्या शब्दाने ते फुटू देणे मला मान्य नव्हते.

नानांच्या सातबाऱ्यावर भिंतीच्या वरच्या अंगाला 22 गुंठ्यांची एक पट्टी होती. वाटणीत ती त्यांच्याकडे आली, पण खडकाळ असल्यामुळे गुरे चारण्यापलीकडे तिचा उपयोग नव्हता. आबांच्या विहिरीपासून ती भिंतीच्या लांबीने 500 फुटांवर पडते. तेथे नवी विहीर घेतली तर पाणी लागेल हे मी सांगू शकत होतो, पण ते पाणी त्याच साठ्यातले असेल, म्हणजे दोघांनी मिळून ठरवल्याशिवाय उपसा वाढवणे हेही हळू चालीचे आडवे बोअरच ठरेल, हेही सांगणे भाग होते. वाटणीपासून नाना आणि आबा यांचे बोलणे तुटलेले होते. पुतण्या आणि आबांचा मुलगा एकाच शाळेत शिकलेले असल्यामुळे त्या दोघांनी मार्ग काढला आणि एका संध्याकाळी आबांच्या खळ्यावर सगळे बसले. मी जमिनीवर काडीने भिंत, दोन विहिरी आणि पाण्याची पातळी काढून दाखवली. आबा बराच वेळ गप्प होते. मग त्यांनी एकच विचारले, की पाऊस कमी पडला तर कोणाची मोटर आधी बंद होणार. या प्रश्नाला भूशास्त्राकडे उत्तर नाही. ते त्या दोघांनीच दिले. मोटरी एक दिवसाआड आलटून पालटून चालवायच्या, कपाशी आणि कांदा घ्यायचा, ऊस किंवा केळी कोणीही लावायची नाही, आणि कोणत्याही विहिरीत पाणी 30 फुटांच्या खाली गेले की उपसा फक्त जनावरांपुरता ठेवायचा.

दुसरे काम नाल्याचे होते. पट्टीच्या पश्चिमेला एक नाला भिंत कापून जातो. तेथे डाइकचा कातळ दोन्ही काठांना आणि तळाला उघडा आहे, म्हणजे बंधाऱ्याचा पाया निसर्गाने आयताच घालून ठेवलेला. ग्रामपंचायतीच्या संमतीने, लोकांच्या श्रमदानातून आणि थोड्या सिमेंटच्या खर्चात तेथे पाच फूट उंचीचा दगडी बंधारा मे महिन्यात बांधला गेला. नव्या विहिरीचे काम त्याच सुमारास सुरू झाले. 19 फुटांवर मांजऱ्या खडक लागला, 27 फुटांवर पाझर सुटले आणि 35 फुटांवर खोदकाम थांबवले. आणखी खोल जाऊ या असा नानांचा आग्रह होता. मी नको म्हणालो, कारण विहीर जितकी खोल तितका साठा रिकामा करण्याचा मोह मोठा.

पुढच्या वर्षी 31 मार्चला मी पुन्हा मोजले. नव्या विहिरीत पाणी 26 फुटांवर होते आणि आबांच्या विहिरीत 25 फुटांवर, म्हणजे आदल्या मार्चपेक्षा केवळ एका फुटाने खाली. दोन विहिरींचा उपसा असूनही एवढाच फरक पडला याचे श्रेय बंधाऱ्याला द्यावे असे गावात सर्वांना वाटते. मी ते पूर्ण मान्य करत नाही. त्या वर्षी पाऊस आदल्या वर्षीपेक्षा चांगला झाला होता, आणि बंधाऱ्याचा खरा हिशेब एखाद्या कोरड्या वर्षानंतरच कळेल.

पाठवलेले पाच हजार परत आले नाहीत आणि तो फोन नंबर लागेनासा झाला. खालची कोरडी विहीर नानांनी बुजवली नाही. पावसाळ्यात शेतातले वाहते पाणी गाळून तिच्यात सोडतात, त्याने खालच्या शेजाऱ्याच्या बोअरला थोडा आधार होतो असे त्यांचे म्हणणे आहे, आणि ते तपासण्यासाठी त्या बोअरची नोंदही आता ठेवली जाते. काळा गोटा तुळशीशेजारीच आहे. फोडलेल्या दगडाचे दोन तुकडे पुतण्याने भिंतीच्या तुकड्यासोबत एका डब्यात ठेवले आहेत, आणि दर महिन्याच्या 1 आणि 16 तारखेला तो तिन्ही ठिकाणी दोर सोडून पाण्याची पातळी वहीत लिहितो. वहीच्या पहिल्या पानावर त्याने भिंतीचा नकाशा काढला आहे. त्यात रुंदी 38 फूट अशी दिली आहे, आणि लांबीच्या जागी दोन्ही बाजूंना बाण काढून पुढच्या गावांची नावे लिहिली आहेत.